मास्तरांचं कोर्टातलं आजारपण

मास्तर गेल्यानंतर अठराव्या दिवशी कोर्टात त्यांची प्रकृती बरी नव्हती. कोर्टाच्या रोजनाम्यात तसं शाईनं लिहिलेलं आहे. घरातल्या माणसांचं म्हणणं थोडं वेगळं होतं, पण घरातल्या माणसांना विचारतो कोण?

रफूताईला ही बातमी कळली शहाऐंशीव्या दिवशी, आणि तीही वहीमुळे.

वहीचं आधी सांगायला हवं. मास्तर रफूचे कारागीर. कोटाला सिगारेटचं भोक पडो, शालीला कसर लागो, मास्तरांच्या हातून गेलं की भोक कुठं होतं ते मालकालाही दाखवता येत नसे. हे काम चालायचं एका उत्तरेच्या खिडकीशी. रफूला ऊन चालत नाही, दिवाही चालत नाही; दिव्याखाली काळा आणि गडद निळा हे दोन सख्खे भाऊ होऊन बसतात. अकरा वर्षांपूर्वी शेजारच्या छापखानेवाल्यानं कागदाचं गोदाम बांधायचं म्हणून बरोबर त्या खिडकीसमोर भिंत उचलायला घेतली. मास्तर कोर्टात गेले, अर्जदार झाले. कोर्टानं मनाई हुकूम दिला, भिंत खिडकीच्या चौकटीखाली वीतभर येऊन थांबली आणि मास्तरांनी एक वही घातली. डावीकडे तारीख, उजवीकडे काय झालं ते.

‘साहेब रजेवर.’

‘फाइल सापडेना.’

‘फाइल सापडली. साहेब बदलले.’

‘सामनेवाल्याच्या वकिलास शिंका. पुढील तारीख.’

अशा चव्वेचाळीस नोंदी. एकाही नोंदीत हळहळ नाही, शिव्या नाहीत. जमाखर्च लिहावा तशी वेळ लिहून ठेवलेली.

मास्तरांच्या मागे खिडकीशी बसायला एकुलती एक मुलगी होती, तिला सगळे रफूताई म्हणत. वय पंचेचाळीस, नजर अजून वीस वर्षांची. घरात दुसरी मास्तरांची थोरली बहीण, म्हणजे रफूताईची आत्या. तिची नजर अधू झालेली, पण जीभ शाबूत. दोघींचं पोट त्या खिडकीवर. खिडकी गेली तर रफू गेलं, आणि रफू गेलं तर रफूताईला दुसरं काही येत नव्हतं. भाजीसुद्धा धड येत नव्हती, असं आत्याचं मत.

तर मास्तर गेले, त्याआधी पंचेचाळिसावी तारीख पडलेली होती. अठरावा दिवस. रफूताईनं वकिलांना तिसऱ्याच दिवशी फोन करून बाबा गेल्याचं सांगितलं. “अरेरे, फार वाईट झालं. मी बघतो,” असं वकीलसाहेब म्हणाले. त्या तारखेला ती गेली नाही. पुढची तारीख पंच्याण्णवाव्या दिवशी पडल्याचं कारकुनानं फोनवर कळवलं, तेव्हा तिनं ती वहीत लिहून ठेवली आणि वही मिटली. मधे कोर्टाचं नाव काढायचं नाही, ही मास्तरांची शिकवण. ते म्हणत, कोर्टाकडे तारखेलाच जायचं. मधेच गेलं की आपल्याला घाई आहे हे त्यांना कळतं, आणि घाई असलेल्या माणसाला ते बाकावर बसवून ठेवतात.

पण वहीत अठराव्या दिवसासमोरची उजवी बाजू कोरी राहिली होती. ती तिला खुपायला लागली, जसं कापडावरचं भोक खुपतं. म्हणून शहाऐंशीव्या दिवशी, बुधवारी, ती वही घेऊन वकिलांच्या कचेरीत गेली. वकील कोर्टात होते. कारकून एकटाच फायलींच्या ढिगात बसून चहा पीत होता. या कारकुनाला ती लहानपणापासून भाऊ म्हणायची.

“भाऊ, त्या तारखेला काय झालं ते सांगा. लिहायचं राहिलंय.”

“काय होणार ताई? अर्ज दिला, तारीख पडली.”

“कसला अर्ज?”

“नेहमीचा. अर्जदाराची प्रकृती बरी नसल्यानं पुढील तारीख मिळावी.”

“कुणी दिला?”

“मास्तरांनीच.” कारकुनानं चहाचा घोट घेतला. “म्हणजे सही त्यांची, दिला मी.”

रफूताई हळूच म्हणाली, “भाऊ, बाबांना जाऊन तेव्हा अठरा दिवस झाले होते.”

कप बशीवर टेकला, पण नीट टेकला नाही. चहा एका बिचाऱ्या दुसऱ्याच अर्जदाराच्या फायलीवर सांडला.

झालं होतं ते असं. शेवटच्या दोन वर्षांत मास्तरांना कोर्टाचे जिने चढवत नव्हते. मग त्यांनी, हिशेबी माणूस, एका बैठकीत डझनभर अर्जांवर सह्या करून कारकुनाकडे ठेवून दिल्या. वर तारखेची जागा कोरी, खाली ठसठशीत सही. तारीख आली आणि तब्येत कुरकुरली, की कारकून एक अर्ज काढायचा, तारीख भरायचा, द्यायचा. चार असे गेले होते. पाचवा मास्तरांच्या पश्चात गेला. वकिलांनी मृत्यूची बातमी ऐकली ती दुसऱ्या एका खटल्याच्या पाकिटावर लिहून ठेवली आणि ते पाकीट त्या खटल्याबरोबर दुसऱ्या गावी गेलं. कारकुनाला कुणी काही बोललंच नाही.

“मला वाटलं, आले नाहीत म्हणजे बरं नसेल,” कारकून म्हणाला. “बारा वर्षं... अकरा वर्षं... न येण्याचं त्यांचं दुसरं कारणच नव्हतं ना ताई.”

एवढ्यात वकीलसाहेब आले. त्यांनी ऐकलं, खुर्चीत बसले, चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला. मग म्हणाले, “आज कितवा दिवस?”

“कशाचा?”

“अगं, मास्तर गेल्याचा.”

“शहाऐंशी.”

वकिलांनी डोळे मिटले. एवढ्या वर्षांत रफूताईनं त्यांना डोळे मिटताना फक्त समोरचा वकील बोलत असताना पाहिलं होतं.

“हे बघ बाळ,” ते म्हणाले. “अर्जदार गेला म्हणून दावा लगेच जात नाही. नव्वद दिवस धुगधुगी असते. तेवढ्यात वारसानं अर्ज करून आपलं नाव लावून घेतलं तर दावा उठून बसतो. नाही लावलं तर आपोआप संपतो. कुणाला निकाल द्यावा लागत नाही, सही करावी लागत नाही.”

“नव्वद तारखेपासून ना?”

“तारखेपासून नाही. मरणापासून.”

“आणि मनाई हुकूम?”

“दावाच नाही तर हुकूम कशाचा?”

“नंतर काहीच करता येत नाही?”

“येतं की. उशीर माफ करा म्हणून वेगळा अर्ज. तो चालेल वर्षभर. तोवर भिंत छपरापर्यंत जाईल, आणि उभी राहिलेली भिंत पाडा म्हणणारं कोर्ट मी तरी अजून बघितलेलं नाही.”

“मग उद्याच अर्ज करा.”

“करू. पण त्यात मृत्यूची तारीख लिहावी लागेल. दाखला जोडावा लागेल. आणि फायलीत मास्तरांची त्यानंतरची सही आहे.” वकिलांनी कारकुनाकडे न बघता कारकुनाकडे बोट केलं. “मेलेल्या माणसाच्या नावानं कोर्टाकडून तारीख घेतली. समोरचा म्हणेल, ही फसवणूक आहे, यांना दारातच उभं करू नका.”

कारकून खाली बघत पुटपुटला, “अजून सात अर्ज आहेत.”

“काय?”

“सह्या केलेले. तीन-तीन महिन्यांनी एक धरला तर पावणेदोन वर्षं निघतात. मास्तर आजारी आहेत म्हणायचं. आजारी माणूस किती दिवस आजारी राहील याला कायदा नाही.”

गंमत अशी, की कुणीच हसलं नाही. वकिलांनीही लगेच नाही म्हटलं नाही. “आजची रात्र विचार कर,” एवढंच म्हणाले. “तुझ्या धंद्यातलंच आहे. दिसणार नाही असं जोडायचं.”

रफूताई घरी निघाली. छापखान्याच्या आवाराशी आली आणि थांबली. आवारात विटांचा नवा ढीग होता, शेजारी वाळू, त्यावर निळी ताडपत्री. विटा चार-पाच दिवसांपूर्वीच आल्या होत्या. तिनं पाहिल्या होत्या, छापखानेवाला मागच्या बाजूला काही बांधत असेल असं समजून पुढं गेली होती. आता तिनं भिंतीकडे पाहिलं, विटांकडे पाहिलं, आणि बोटं मोजायला लागली. चार बोटं उरली.

छापखानेवाला दारातच होता. “काय म्हणतेस? बरी आहेस ना? जेवतेस ना वेळेवर?”

“हो.”

“कोर्टाचं काही डोक्यात घेऊ नकोस हं. तारखेला बघू. आधी स्वतःला सावर.”

हेच तो तेव्हाही म्हणाला होता. मास्तर गेले तेव्हा सगळ्यांच्या आधी तोच आला होता. निधनाची पत्रकं त्यानंच छापून दिली, काळ्या चौकटीची, दोनशे. ‘घरचं काम आहे’ म्हणाला. खाली बारीक अक्षरात आपल्या छापखान्याचं नाव टाकायला मात्र विसरला नाही. तो लग्नपत्रिकेवर टाकतो, दुकानाच्या पावतीवर टाकतो, मरणाच्या पत्रकावर कसा सोडेल?

घरी आत्या त्यातल्याच एका उरलेल्या पत्रकाच्या मागच्या बाजूला, कागद हातभर लांब धरून, धोब्याच्या कपड्यांची यादी करत होती. शंभरेक पत्रकं उरली होती. आत्या कागद वाया घालवत नसे.

“चेहरा का उतरलाय?” तिनं वर न बघता विचारलं.

“तुला दिसतं तरी का?”

“पावलं ऐकू येतात. दगड बांधल्यासारखी पडतायत.”

रफूताईनं सगळं सांगितलं. आत्या ऐकत राहिली. मग म्हणाली, “म्हणजे माझा भाऊ कोर्टात अजून जिवंत आहे.”

“पावणेदोन वर्षं राहील, असं भाऊ म्हणतात.”

“आणि शेजारच्याला ठाऊक नाही का तो गेलाय ते? इथं बसून रडून गेला की. माझाच रुमाल घेतला, अजून दिला नाही.”

रफूताई खिडकीशी जाऊन बसली. गुडघ्यावर एक राखाडी कोट होता, सकाळपासून तसाच. सुई हातात घेतली आणि नेढ्यात धागा जाईना. आत्यानं सरळच सांगितलं होतं ते. छापखानेवाल्याला ठाऊक होतं. अठराव्या दिवशी त्याचा वकील कोर्टात उभा होता, आणि मास्तरांच्या आजारपणाला त्यानं हूं की चूं केलं नव्हतं. का करील? त्याला एवढंच करायचं होतं, गप्प बसून एकेक दिवस मोजायचा. पंच्याण्णवाव्या दिवशी ती तिकडं सहावा अर्ज घेऊन गेली असती, तर त्यानं हळूच मान वर करून विचारलं असतं, कोण मास्तर?

गुरुवारी दहा वाजता ती कचेरीत होती.

“खरं लिहा,” ती म्हणाली. “कधी गेले, अर्ज कुणी दिला, कसा दिला. सगळं.”

“अगं, भाऊचं काय होईल? कोर्टात फिरायचा त्याचा परवाना जाईल. आणि माझं...”

“वकीलसाहेब, रफूला धागा बाजारातून आणत नाहीत. त्याच कापडाच्या आतल्या दुमडीतून काढावा लागतो. कापडच संपल्यावर कशानं जोडू? बाबांच्या सहीला बाबा लागतात.”

“वाक्य चांगलं आहे, पण कोर्टात...”

“तुम्ही लिहिणार नसाल तर मी माझ्या हातानं लिहून देते.”

कारकून तेवढ्यात उठला, टंकलेखनाच्या यंत्रावरचं फडकं काढलं आणि कागद घातला. “सांगा साहेब,” म्हणाला. “माझं नाव नीट घाला. नाहीतर वाटेल दुसऱ्या कुणी केलं.” त्या अख्ख्या पानात एकही खाडाखोड झाली नाही.

मग दाखला. दाखला घरात होता, आणि आत्यानं तो मोठ्या काळजीनं प्लॅस्टिकमध्ये बंद करून आणला होता, कधी भिजू नये म्हणून. कोर्टातल्या दाखल करून घेणाऱ्या बाईंनी तो उलटसुलट केला.

“यावर शिक्का बसत नाही.”

“पण खरा आहे.”

“खरा असेल हो. शाई घसरते.”

शुक्रवार गेला दुसरा दाखला काढण्यात. नगरपालिकेतलं यंत्र संध्याकाळपर्यंत बंद. शनिवारी कोर्ट अर्धाच दिवस, एक वाजेपर्यंत, आणि नव्वदावा दिवस रविवार. सुट्टी आली तर पुढच्या दिवशी चालतं म्हणतात, पण त्या म्हणण्यावर वाद घालण्यात आणखी तीन वर्षं गेली असती, असं वकील म्हणाले. शनिवारी बाराला दाखला हातात पडला. रफूताई आयुष्यात पहिल्यांदा रस्त्यानं पळाली. अर्जावर शिक्का बसला तेव्हा भिंतीवरच्या घड्याळात एकला पाच कमी होते, आणि बाई खिडकीची फळी ओढतच होत्या.

अर्ज वेळेत गेला. आता तो टिकतो का, हे पंच्याण्णवाव्या दिवशी ठरायचं होतं. मधल्या सहा दिवसांत रफूताईनं तो राखाडी कोट दोनदा उसवला.

त्या शुक्रवारी पुकारा झाला तो मास्तरांच्याच नावानं. कुणी उत्तर दिलं नाही. मग रफूताई उठून पुढं गेली.

न्यायाधीशबाई तरुण होत्या, नुकत्याच बदलून आलेल्या. छापखानेवाल्याचा वकील सुरू झाला. मयताच्या नावानं खोटा अर्ज, कोर्टाची दिशाभूल, अशा लोकांना वारस म्हणून उभं करणं म्हणजे... तो चांगला बोलला. रफूताईला स्वतःचाच संशय यायला लागला.

“अर्ज कुणी दिला?” बाईंनी विचारलं.

“मी,” कारकून मागून म्हणाला. “ताईंना अर्ज ठाऊक नव्हता. मला मरण ठाऊक नव्हतं.”

“आणखी आहेत असे?”

रफूताईनं सातही अर्ज पुढं ठेवले. बाईंनी एकेक बघितला. सातही मास्तर आजारी.

“समोरच्यांना मृत्यू कधी कळला?”

वकिलानं छापखानेवाल्याकडे पाहिलं. छापखानेवाल्यानं मान हलवली. “परवा अर्जाची प्रत मिळाली तेव्हा,” वकील म्हणाला. “आमचे अशील कामात असतात. शेजारी काय चाललंय...”

रफूताईच्या तोंडाला कोरड पडली. पाण्याची बाटली आणली का, म्हणून तिनं पिशवीत हात घातला आणि आत्यानं सकाळी दिलेली यादी बाहेर आली. ‘दाखला. चष्मा. पाणी. विचारल्याशिवाय बोलू नये.’ तिनं ती वाचली. मग कागद उलटा केला. काळी चौकट. मास्तरांचं नाव, गेल्याची तारीख, आणि अगदी तळाशी, मुंगीएवढ्या अक्षरात, छापखाना.

विचारल्याशिवाय ती बोलली नाही. तिनं फक्त तो कागद टेबलावर ठेवला आणि तळाच्या ओळीवर बोट टेकवलं.

बाईंनी पुढची बाजू वाचली, मागची वाचली, पुन्हा पुढची वाचली. मग फाइल चाळून पाचवा अर्ज काढला.

“वकीलसाहेब, या अर्जाच्या मागं तुमच्या हातचं आहे. ‘हरकत नाही.’ म्हणजे मेलेल्या माणसाच्या आजारपणाला तुमची हरकत नव्हती?”

“मला तेव्हा... अशिलांनी सांगितलं नव्हतं...”

“अशिलांनी छापलं होतं.”

कुणीतरी मागं हसलं. छापखानेवाला बुटाकडे बघत होता.

हुकूम चार ओळींचा झाला. वारसाचं नाव लावावं. मनाई चालू. सात अर्ज जप्त. मास्तरांच्या वकिलांनी लेखी खुलासा द्यावा, आणि कारकुनानं तीन महिने या दालनात पाऊल ठेवू नये. पुढील तारीख बारा आठवड्यांनी.

बाहेर व्हरांड्यात कारकून भिंतीला टेकून उभा होता. तीन महिने म्हणजे त्याचं निम्मं काम.

“परवाना वाचला,” तो म्हणाला. मग सवयीनं पिशवी उघडली. “ताई, आता अर्जदार तुम्ही. दहा-बारा कोऱ्या अर्जांवर सह्या...”

“भाऊ!”

“बरं, बरं. राहिलं.”

“आजारी पडले तर मी स्वतः येऊन सांगेन.”

घरी येताना तिनं आवाराकडे पाहिलं. ताडपत्री तशीच होती. विटा परत गेल्या नव्हत्या, आणि जातील असंही दिसत नव्हतं. अकरा वर्षं थांबलेली भिंत आणखी थांबायला तयार होती. तिनं वही काढली. पुढची तारीख लिहिली. मग पान मागं उलटून अठराव्या दिवसासमोरच्या कोऱ्या जागेत, मास्तर लिहायचे तसं, कुठं हळहळ न ठेवता लिहिलं: ‘अर्जदार हयात नव्हते. तारीख मिळाली.’

“झालं का लिहून?” आत्यानं विचारलं. “मग तो कोट घे. उजेड आहे तोवर.”